घटक ४ : दर्यावर्दी शब्दसंपदा – अर्थ, व्युत्पत्ती आणि वाचन

४.१ उद्दिष्टे

या घटकाच्या अभ्यासानंतर तुम्हाला मराठीतील नौकानयनविषयक शब्दांमागची वस्तू, कृती व माणूस ओळखता येईल. त्या शब्दांतील भाषिक थर वेगळे करता येतील. आणि जुन्या व नव्या साहित्यकृतींत हे शब्द आले असता त्यांचा नेमका अर्थ लावता येईल.

४.२ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, ज्याने समुद्र कधी पाहिला नाही असा मराठी माणूसही दिवसभरात अनेकदा नौकेची भाषा बोलत असतो. हाती घेतलेले काम तो तडीस नेतो, एखादे कार्य पार पाडतो, दोन विचारांची सांगड घालतो. घरातला कर्ता पुरुष गेला की संसाराचे सुकाणू कोणी धरायचे, असा प्रश्न त्याला पडतो. उत्साहाला उधाण येते आणि मनाचा थांग लागत नाही. असे बोलताना त्याच्या डोळ्यांपुढे पाणी नसते. शब्द राहिले आणि त्यांच्याखालचे पाणी आटले, असे या अवस्थेचे वर्णन करता येईल.

बोलण्यापुरते हे चालून जाते, वाचताना मात्र अडचण येते. बखर, पोवाडा, आज्ञापत्रासारखा राजनीतिपर ग्रंथ, संतांची ओवी किंवा कोकणच्या पार्श्वभूमीवरील कादंबरी वाचताना गुराब, शिबाड, तांडेल, मतलई, भांग असे शब्द येतात. आपण कोश उघडतो. तेथे बहुधा ‘नौकेचा एक प्रकार’ किंवा ‘एक प्रकारचा वारा’ एवढाच अर्थ मिळतो. हा अर्थ चुकीचा नाही, पण तो वाचकाच्या फारसा उपयोगी पडत नाही. ‘आंबा म्हणजे फळाचा एक प्रकार’ एवढ्या माहितीवर आंब्याची चव कळावी, अशी अपेक्षा करण्यासारखेच हे आहे.

म्हणून या घटकात आपण एक साधी पद्धत वापरणार आहोत. दर्यावर्दी शब्द समोर आला की त्याला दोन प्रश्न विचारायचे. पहिला : हा शब्द होडीवर कोणते काम करतो? दुसरा : हे काम मराठी माणसाने कोणाच्या सोबतीने केले? पहिल्या प्रश्नाचे उत्तर अर्थ देते, दुसऱ्याचे उत्तर व्युत्पत्ती देते. दोन्ही उत्तरे एकत्र ठेवली की शब्दाचा इतिहास उलगडू लागतो.

४.३ नदीची नाव : सर्वांत जुना थर

मराठीचा सर्वांत जुना जलवाहतुकीचा शब्दसंग्रह समुद्रावरचा नसून नदीवरचा आहे, ही गोष्ट आरंभीच ध्यानात घ्यावी. समुद्रात दूरवर जायचे असते, तर नदी ओलांडायची असते. त्यामुळे या थरातील शब्दांचा गाभा ‘प्रवास करणे’ हा नाही. ‘पलीकडे पोचणे’ हा आहे.

संस्कृत ‘तॄ’ या धातूचा अर्थ ओलांडणे, तरून जाणे. त्यापासून तरणे, तारणे, तारक, तरी, तारू हे शब्द आले. तीर्थ म्हणजे मुळात नदी उतरून जाण्याची जागा. तेथे स्नान होऊ लागले, देवळे उभी राहिली आणि पाणी उतरण्याचा अर्थ मागे पडून पावित्र्याचा अर्थ पुढे आला. उतार, उतारू, निस्तरणे हे त्याच कुळातले शब्द होत. रेल्वेच्या डब्यातील प्रवाशाला आपण उतारू म्हणतो तेव्हा त्याला नकळत नदीकाठी आणून उभे करतो. तुम्ही परीक्षेत ‘उत्तीर्ण’ होता तेव्हाही, धात्वर्थाने पाहिले तर, पाणी ओलांडून पलीकडे गेलेले असता.

‘पार’ या शब्दाचेही असेच आहे. पार म्हणजे पलीकडचा काठ. ज्याचा दुसरा काठ दिसत नाही ते अपार. जो पलीकडच्या काठाला पोचला तो पारंगत. ग्रंथाच्या ऐलतीरावरून पैलतीरापर्यंत जाणे ते पारायण. ‘तड’ म्हणजे काठ. ‘काम तडीस नेणे’ या प्रयोगात काम ही जणू भरलेली नाव आहे आणि ती मध्येच सोडून देणे म्हणजे ती प्रवाहात सोडणे. ‘काम पूर्ण करणे’ आणि ‘काम तडीस नेणे’ यांतला फरक येथे आहे. दुसऱ्या प्रयोगात अडथळ्याची, बुडण्याच्या शक्यतेची जाणीव आहे. चांगला लेखक हे दोन प्रयोग एकमेकांच्या जागी वापरत नाही.

आता ‘सांगड’ पाहा. भोपळे, लाकडाचे ओंडके किंवा दोन लहान होड्या एकमेकांना बांधून पाण्यावर तरंगेल असे जे साधन करतात, ती सांगड. संस्कृत ‘संघाट’ हे तिचे मूळ. सुट्टा ओंडका पाण्यात गरगर फिरतो. दोन बांधले की त्यांवर माणूस उभा राहू शकतो. ‘सिद्धांत आणि व्यवहार यांची सांगड घालणे’ या प्रयोगाचा खरा अर्थ त्यामुळे नुसता मेळ घालणे असा नाही. दोन्ही वेगवेगळे असताना भार पेलू शकत नव्हते, बांधल्यावर पेलू लागले, असा तो आहे. याच संघाटापासून मलयाळम भाषेत ‘चंगाडम्’ झाला, तो पोर्तुगीज खलाशांनी उचलला आणि त्यांच्या भाषेत ‘जांगादा’ हा तराफ्याचा शब्द रूढ झाला. आपण परभाषांकडून घेतलेल्या शब्दांची यादी नेहमी करतो. या शब्दाने केलेला उलट प्रवासही लक्षात ठेवण्याजोगा आहे.

संतसाहित्यातील भवसागराची प्रतिमा या थराच्या आधारे वाचावी. ज्ञानेश्वरीच्या सातव्या अध्यायात मायेला नदीचे रूप देऊन एक दीर्घ रूपक उभे केले आहे. ती नदी तरून जाण्यासाठी निरनिराळे लोक निरनिराळी साधने घेऊन उतरतात आणि बहुतेक बुडतात. तेथे तीन वेदांची सांगड करून निघालेलेही आहेत. सांगड हे गरिबाचे, हाताशी असेल ते बांधून केलेले साधन आहे. वेदांसारख्या थोर गोष्टीला ज्ञानेश्वरांनी येथे मोठ्या नावेची उपमा दिली नाही, सांगडीची दिली, हे वाचकाच्या नजरेतून सुटता कामा नये. शब्दाचा अर्थ ‘नौकेचा एक प्रकार’ असा घेतला तर ते सुटतेच. ‘सागर’ हा शब्द वापरूनही संतांची तारण्याची भाषा बहुतांशी नदीचीच राहते. ऐलतीर आणि पैलतीर या जोडीत अभिप्रेत असलेले पाणी समोरचा काठ दिसणारे असते.

याच थरातला एक शब्द आज क्रीडापानावर रोज छापला जातो, तो म्हणजे ‘कर्णधार’. संस्कृतात ‘कर्ण’ या शब्दाचा एक अर्थ नौकेचे सुकाणू असा आहे. ते धरणारा तो कर्णधार. क्रिकेटच्या मैदानावर नाणेफेक करणाऱ्या खेळाडूला आपण सुकाणूधारक म्हणतो आणि कोणालाही त्यात काही वावगे वाटत नाही!

४.४ खाऱ्या पाण्याचा थर : अरबी आणि फारसी

खाडीच्या मुखातून बाहेर पडून किनारा दृष्टीआड होईल इतके दूर जायचे तर वेगळी विद्या लागते : वाऱ्यांचे ऋतू, ताऱ्यांवरून दिशा, मोठ्या जहाजावरील माणसांची उतरंड. पश्चिम किनाऱ्यावरील हा व्यवहार शतकानुशतके अरब, इराणी, गुजराती, कोकणी, मलबारी अशा अनेकांनी मिळून केला. त्या सहवासाची खूण शब्दांत स्पष्ट दिसते.

सुकाणू हा शब्द अरबी ‘सुक्कान’पासून आला. नाखवा किंवा नाखुदा हा फारसी शब्द. ‘नाव’ म्हणजे नौका आणि ‘खुदा’ म्हणजे धनी, मिळून नौकेचा धनी. फारसीतील ‘नाव’ आणि संस्कृतातील ‘नौ’ या सख्ख्या बहिणी आहेत, म्हणून हा शब्द कोळ्याच्या तोंडी कधी परका वाटला नसावा. खलाशी, बंदर, दर्या, दर्यावर्दी, तुफान हे शब्द याच वाटेने आले. ‘मोसम’ आणि ‘मौसमी वारे’ यांतील मूळ अरबी शब्दाचा अर्थ ठरलेला काळ, हंगाम. ज्या काळात जहाजे सोडता येतात तो मोसम. दिशा ठरवून जहाज नेणारा जाणकार तो मालम. त्याचे मूळ अरबी ‘मुअल्लिम’, म्हणजे शिकवणारा. होकायंत्रातील ‘होका’ या अंशाचा संबंध डबी या अर्थाच्या अरबी ‘हुक्का’ शब्दाशी जोडला जातो. सूचिका डबीत बसवलेली असे, हे ध्यानात घेतल्यास तो जोड पटण्यासारखा आहे.

या यादीत एक गोष्ट पाहण्याजोगी आहे. बाहेरून आलेली ही बहुतेक सगळी नामे आहेत : माणसांची, उपकरणांची, ऋतूंची. क्रियापदे मात्र घरचीच राहिली. सुकाणू ‘धरायचे’, शीड ‘उभारायचे’, वल्हे ‘मारायचे’, गलबत ‘हाकारायचे’. गलबत हाकारणे या प्रयोगात तर गाडीला बैल जुंपून हाकणाऱ्याचा आवाज ऐकू येतो. हत्याराचे नाव उसने घेता येते, हाताची सवय उसनी घेता येत नाही. भाषेच्या अभ्यासकाने नामांइतकेच क्रियापदांकडे लक्ष द्यावे ते यासाठी.

माणसांच्या उतरंडीचे शब्द नीट समजून घ्या, कारण कथा-कादंबऱ्यांत पात्रांचे परस्परसंबंध त्यांवरून कळतात. नाखवा हा होडीचा धनी किंवा प्रमुख. तांडेल हा प्रत्यक्ष होडी चालवणाऱ्या माणसांचा नायक. वारा, पाणी आणि जागा यांचा निर्णय त्याचा. खलाशी हे त्याच्या हाताखालचे. आगबोटींच्या काळात मोठ्या जहाजांवर खलाशांच्या प्रमुखाला सारंग म्हणत. रत्नागिरी जिल्ह्यातील कोकणी मुसलमान समाजातले अनेक पुरुष मुंबईच्या आगबोटींवर या कामासाठी जात. शिवकालातील ‘दर्यासारंग’ या किताबातही हाच शब्द आहे. नाखवा, तांडेल, सारंग ही आज आडनावेही आहेत. हुद्दा आडनाव झाला की तो वंशात उतरतो. कुलकर्णी, देशमुख यांच्याबाबत आपण हे सहज ओळखतो, तांडेल यांच्याबाबत मात्र विसरतो.

४.५ एक रूप, दोन शब्द : नांगर

देशावरील वाचकाला ‘बंदरात गलबते नांगरली होती’ या वाक्यात एक गंमतीदार अडचण वाटते. नांगर म्हणजे शेत नांगरण्याचे अवजार. मग गलबत नांगरायचे कसे? अनेक जण असे समजतात की जहाजाचा लोखंडी नांगर जमिनीत रुततो, म्हणून शेतीच्या नांगराचे नाव त्याला मिळाले. कल्पना सुंदर आहे, पण व्युत्पत्तीला ती मान्य नाही. शेतीचा नांगर संस्कृत ‘लाङ्गल’पासून आला आणि जहाजाचा नांगर फारसी ‘लंगर’पासून. आरंभीच्या ‘ल’चा दोन्हींत ‘न’ झाला आणि दोन अनोळखी शब्द एकाच रूपात येऊन मिळाले.

अर्थदृष्ट्या मात्र ते एकमेकांच्या विरुद्ध आहेत. शेतीचा नांगर चालतो, जहाजाचा नांगर थांबवतो. कवितेत ‘नांगर’ हा शब्द आला की तो कोणता, हे आधी ठरवावे. काही वेळा कवी दोन्ही अर्थ जाणूनबुजून एकत्र खेळवतो, आणि तेथे व्युत्पत्ती बाजूला ठेवून रूपाकडेच पाहावे लागते. मराठीने एक केलेल्या रूपाचा लाभ घेण्याचा हक्क कवीला आहेच.

४.६ लढाऊ थर : आरमार, गलबत, गुराब

‘आरमार’ हा शब्द आपल्याला इतका अस्सल मराठी वाटतो की त्याचे मूळ ऐकून आश्चर्य वाटते. ते पोर्तुगीज ‘आर्मादा’, म्हणजे शस्त्रसज्ज जहाजांचा ताफा. समुद्रावर तोफा घेऊन वावरणारी संघटित सत्ता कोकणाने पहिल्यांदा सोळाव्या शतकात पोर्तुगिजांच्या रूपाने अनुभवली, आणि ज्या गोष्टीचा अनुभव त्यांच्याकडून आला तिचे नावही त्यांचेच घेतले गेले. कप्तान हा शब्द त्याच वाटेने आला. जहाजांवरील हिंदुस्थानी खलाशांच्या बोलीत तर पोर्तुगीज शब्दांचा भरणा होता. थॉमस रोबक यांनी १८११ मध्ये कलकत्त्यात इंग्रजी–हिंदुस्थानी नौकाविषयक कोश प्रसिद्ध केला, तो या मिश्र बोलीचा महत्त्वाचा दस्तऐवज आहे. पुढची डोलकाठी ती ‘त्रिकट’ आणि वरचे शीड ते ‘गावी’ हे या बोलीतले शब्द पोर्तुगीज आहेत.

१६५७ मध्ये कल्याण–भिवंडी ताब्यात आल्यावर शिवाजी महाराजांनी आरमाराची उभारणी सुरू केली. पुढे कान्होजी आंग्रे यांनी सरखेल म्हणून ते सामर्थ्य वाढवले. या आरमाराच्या वर्णनात दोन शब्द सतत जोडीने येतात : गुराब आणि गलबत. पुष्कळ वाचक त्यांना समानार्थी समजतात. ते तसे नाहीत.

गुराब या शब्दाचे मूळ अरबी असून त्याचा अर्थ कावळा असा आहे. अठराव्या शतकातील इंग्रज इतिहासकार रॉबर्ट ऑर्म याने दिलेल्या वर्णनानुसार गुराबेला दोन, क्वचित तीन डोलकाठ्या असत. दोन डोलकाठ्यांची गुराब सुमारे १५० टन वजन वाहून नेई, तर तीन डोलकाठ्यांची ३०० टनांपर्यंत. तिचा तळ उथळ असे आणि पुढचा भाग चोचीसारखा लांब निघालेला असे. त्या चोचीवरून पुढच्या दिशेने मारा करतील अशा तोफा बसवलेल्या असत. गलबत हे त्यामानाने लहान, साधारणपणे ७० टनांच्या आतले. त्याला दोन डोलकाठ्या असत, मुख्य डोलकाठीवर मोठे तिकोनी शीड असे आणि शिवाय चाळीस-पन्नास वल्ही.

आता ‘हा शब्द कोणते काम करतो?’ हा आपला प्रश्न विचारू. गुराबेचे काम तोफा वाहण्याचे आणि गलबताचे वेगाने जाऊन शत्रूला भिडण्याचे. वारा पडला की शिडाचे मोठे जहाज पाण्यावर खिळल्यासारखे उभे राहते. तेव्हा वल्ह्यांची गलबते गुराबेला दोर लावून ओढत आणि शत्रूच्या जहाजाच्या मागच्या बाजूला नेऊन उभी करत, कारण त्या बाजूला त्याच्या तोफा कमी असत. गुराब आणि गलबत ही जोडी अशी परस्परांवर अवलंबून होती. वारा नसणे हे युरोपीय जहाजाचे संकट होते, तेच मराठी आरमाराची संधी होती.

हे कळल्यावर रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रातील आरमाराचे प्रकरण पुन्हा वाचा. गुराबा मध्यम आकाराच्या असाव्यात, वाऱ्यावाचून निरुपयोगी ठरतील अशी फार मोठी जहाजे बांधू नयेत, असा सल्ला तेथे दिला आहे. वरवर पाहता तो काटकसरीचा किंवा महत्त्वाकांक्षा आवरण्याचा सल्ला वाटेल. वास्तविक त्यामागे कोकणच्या किनाऱ्याचे अचूक ज्ञान आहे. येथील बंदरे बहुधा खाड्यांच्या आत आहेत. खोल तळाचे जहाज आत शिरू शकत नाही; उथळ तळाचे शिरते आणि पाठलाग करणारा बाहेर थांबतो. वाघोटण खाडीच्या मुखाशी असलेल्या विजयदुर्गाचे सामर्थ्य समजायचे तर त्याच्या तटबंदीइतकेच खाडीतले पाणी लक्षात घ्यावे लागते. तेथून जवळच गिर्ये येथे जुन्या गोदीचे अवशेष आहेत. पावसाळ्यात आरमाराची छावणी कोठे करावी, जहाजांसाठी लाकूड तोडताना रयतेची आंब्या-फणसाची झाडे तिच्या संमतीवाचून घेऊ नयेत, हेही आज्ञापत्र सांगते. लाकूड, वारा, पाणी आणि रयत यांचा एकत्र विचार करणारे असे गद्य मराठीत विरळा आहे.

अलीकडच्या ऐतिहासिक कादंबऱ्यांत ‘गलबत’ हा शब्द कोणत्याही जुन्या जहाजाला सर्रास लावलेला आढळतो. मालवाहू शिबाड, खाडीतला मचवा आणि लढाऊ गलबत यांत भेद न करणे म्हणजे बैलगाडी, टांगा आणि रथ यांना एकच नाव देणे होय.

४.७ पाणी आणि वारा : काळाचे शब्द

भरती आणि ओहोटी हे शब्द सर्वांना ठाऊक असतात; उधाण आणि भांग यांतला भेद किनाऱ्यापलीकडे फारसा माहीत नसतो. पौर्णिमा व अमावास्या यांच्या सुमारास भरती सर्वांत मोठी आणि ओहोटीही सर्वांत खोल असते. ते उधाण. अष्टमीच्या सुमारास दोन्हींतला फरक सर्वांत कमी असतो. तो भांग. उतरत्या पाण्याला काही भागांत सुकती म्हणतात.

येथे एक रूढ गैरसमज दूर करणे आवश्यक आहे. उधाण म्हणजे वादळ नव्हे. शांत चांदण्या रात्री, वाऱ्याची झुळूकही नसताना उधाण येते. त्याची तिथी आधीपासून ठाऊक असते आणि ते ठरल्या वेळी ओसरते. तुफानाला तिथी नसते. म्हणून ‘आनंदाला उधाण आले’ या प्रयोगात, मूळ अर्थ जागा ठेवला तर, भरून येण्याबरोबर ओसरण्याचीही सूचना असते. ‘उधाणलेल्या वादळी लाटा’ असे लिहिणारा लेखक दोन भिन्न गोष्टी एकत्र करतो. दोन्ही एकाच वेळी आल्या तर अनर्थ होतो हे खरे, पण म्हणून त्या एक ठरत नाहीत.

भरतीची वेळ काढण्याचा कोकणात एक तोंडी हिशेब आहे : तिथीच्या आकड्याची पाऊणपट करावी. चतुर्थीला चाराची पाऊणपट तीन, म्हणून सुमारे तीन वाजता पूर्ण भरती. अष्टमीला सहा वाजता. पंधरा तिथींत भरतीची वेळ बारा तास पुढे सरकते, म्हणजे तिथीमागे ४८ मिनिटे. पाऊणपटीने ती ४५ धरली जातात. तीन मिनिटांच्या फरकासाठी कोणी पाटी-पेन्सिल घेऊन बसत नाही. लिपी न शिकलेल्या माणसाजवळही हे गणित असे, आणि पंचांग त्याला धर्मकृत्यांइतकेच होडी काढण्यासाठी लागे.

या काळगणनेशी जोडलेला आणखी एक शब्द म्हणजे ‘डोल’. डोलकाठी या शब्दातील डोल शिडाच्या खांबाचा. पण उत्तर कोकणातील कोळ्यांचे ‘डोल’ हे पिशवीच्या आकाराचे मोठे जाळे आहे. समुद्रतळाशी रोवलेल्या खुंटांच्या आधाराने ते प्रवाहाच्या तोंडाशी धरले जाते आणि वाहते पाणी मासळी, विशेषतः बोंबील, आत आणून सोडते. उधाणाच्या दिवसांत प्रवाह जोरदार म्हणून डोल भरते. भांगाला प्रवाह मंद आणि पकडही कमी. तेव्हा ‘डोलकर’ म्हणजे लाटांवर डोलणारा रसिक नाविक नव्हे, डोल जाळ्याने मासेमारी करणारा कष्टकरी होय. गाण्यांमुळे पहिला अर्थ लोकप्रिय झाला आहे. तो काव्यात राहू द्यावा, टीपेत लिहू नये.

वाऱ्यांच्या नावांत ‘मतलई’ हा शब्द विशेष लक्ष देण्याजोगा आहे. रात्री जमीन समुद्रापेक्षा लवकर थंड होते, म्हणून पहाटे वारा जमिनीकडून समुद्राकडे वाहतो. हा मतलई वारा. होड्या बाहेर काढायला तो सोयीचा. दुपारी समुद्राकडून येणारा खारा वारा त्यांना परत आणतो. अरबीत ‘मत्लअ’ म्हणजे तारा किंवा सूर्य उगवण्याचे स्थान. कोकणात जमिनीकडचा वारा पूर्वेकडूनच येतो, तेव्हा मतलई म्हणजे उगवतीचा वारा, हा संबंध सहज दिसतो. खलाशांच्या तोंडचा हा शब्द शालेय भूगोलाच्या पुस्तकात पारिभाषिक संज्ञा म्हणून स्थिरावला. असे भाग्य फार थोड्या दर्यावर्दी शब्दांना लाभले.

जून जवळ आला की हा सारा व्यवहार थांबे. पावसाळा तोंडावर आल्याचा तो काळ म्हणजे आगोट. होड्या किनाऱ्यावर ओढून झापांनी झाकून ठेवायच्या, घरात मीठ-मिरची भरून घ्यायची. ‘आगोटीची खरेदी’ हा शब्दप्रयोग समुद्रावर न जाणाऱ्या घरांतही रूढ झाला तो याच कारणाने.

खोली मोजण्याचे माप ‘वाव’. दोन्ही हात पसरले असता एका हाताच्या बोटांपासून दुसऱ्या हाताच्या बोटांपर्यंतचे अंतर म्हणजे एक वाव. संस्कृत ‘व्याम’ हे त्याचे मूळ. वजन बांधलेला दोर पाण्यात सोडायचा आणि वर ओढताना हातांनी वाव मोजत जायचे. माप माणसाच्या शरीराचेच असल्यामुळे ते विसरण्याची भीती नव्हती.

४.८ शब्द कोठे गेले?

‘आगबोट’ हा शब्द पाहा : आग आपली, बोट इंग्रजांची. वाफेवर चालणारे जहाज मराठी माणसाने पहिल्यांदा पाहिले तेव्हा त्याला दिसलेली गोष्ट या जोडशब्दात सरळ उतरली आहे. नव्या वस्तूला नाव देण्याची ही ताकद भाषेत होती. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मासेमारी होड्यांवर यंत्रे बसली आणि शीड उतरले. त्याबरोबर शिडाचे दोर, आडव्या काठ्या, वाऱ्याशी कोन धरण्याच्या रीती यांचे शब्दही वापरातून गेले. आजच्या होडीवर इंजिन, विंच, जीपीएस हे शब्द आहेत. तांडेल मात्र आहे, कारण ते काम करणारा माणूस आहे. वस्तू गेली की तिचा शब्द जातो आणि काम राहिले की कामाचा शब्द राहतो, असे येथे सामान्यतः दिसते.

कोशांनी काही शब्द राखले. मोल्सवर्थच्या कोशात (पहिली आवृत्ती १८३१, दुसरी १८५७) आणि दाते-कर्वे यांच्या महाराष्ट्र शब्दकोशात (१९३२–३८) कोकणातील बरेच नौकाशब्द आढळतात. परंतु कोशकारापर्यंत जे पोचले तेवढेच तेथे आले. कोळी, भंडारी, गाबीत, दालदी, खारवी या समाजांची बोली दीर्घकाळ ‘अशुद्ध’ मानली गेली. प्रमाण मराठीला शिडाचा एकच शब्द पुरत होता, म्हणून होडीवरील निरनिराळ्या शिडांची व दोरांची नावे कोणी विचारली नाहीत. आता ती सांगू शकणारी माणसे सत्तरीच्या पुढची आहेत. दूरशिक्षणाच्या विद्यार्थ्यांत किनाऱ्यावरील गावांतून येणारे, स्वतः या व्यवसायातल्या घरांतले पुष्कळ जण असतात. ज्या घरात हे शब्द बोलले जातात तेथूनच त्यांची नोंद झाली तर ती कोणत्याही पाहुण्या संशोधकाच्या नोंदीहून अधिक विश्वसनीय ठरेल.

नोंद करताना थेट ‘याला काय म्हणतात?’ असे विचारू नये. त्याने बोलणारा माणूस पुस्तकी शब्द शोधू लागतो. ‘वारा उलटा फिरला तर तुम्ही आधी काय करत होता?’ असे विचारावे. काम सांगता सांगता शब्द आपोआप येतात, आणि त्यांची क्रियापदेही येतात. उच्चार जसा ऐकला तसा लिहावा. कोळी बोलीतील ‘होरी’ किंवा मालवणीतील ‘व्हडी’ यांचे ‘होडी’ करू नये. गाव, होडीचा प्रकार, सांगणाऱ्याचे साधारण वय आणि संमती यांची टीप शब्दाशेजारीच असावी.

४.९ स्वाध्याय

अ) पुढील प्रश्नांची उत्तरे प्रत्येकी पाच-सहा ओळींत लिहा.
१. ‘काम पूर्ण करणे’ व ‘काम तडीस नेणे’ यांतील अर्थभेद उदाहरणांसह स्पष्ट करा.
२. शेतीचा नांगर व जहाजाचा नांगर यांच्या व्युत्पत्ती सांगा.
३. आज कृष्ण पंचमी आहे. तोंडी हिशेबाने पूर्ण भरतीची वेळ काढा आणि ती प्रत्यक्ष वेळेपेक्षा थोडी अलीकडची का येते ते लिहा.

आ) सविस्तर उत्तर लिहा.
गुराब आणि गलबत यांच्या रचनेतील व कामातील फरक लक्षात घेऊन आज्ञापत्रातील जहाजांच्या आकाराविषयीच्या सल्ल्याचा अर्थ लावा.

इ) वाचन.
कुसुमाग्रजांची ‘कोलंबसाचे गर्वगीत’ ही कविता ‘विशाखा’ संग्रहातून वाचा. तीत आलेले नौका व समुद्र यांविषयीचे शब्द वेगळे काढा आणि त्यांपैकी कोणते नदीच्या थरातले व कोणते खाऱ्या पाण्याच्या थरातले आहेत ते ठरवा.

ई) क्षेत्रकार्य.
किनाऱ्यावर किंवा नदीकाठी राहणाऱ्या विद्यार्थ्यांनी होडी वापरणाऱ्या एका वयस्क व्यक्तीशी बोलून किमान पंधरा शब्द, त्यांची क्रियापदे व वापराची वाक्ये यांसह नोंदवावेत. इतरांनी एका आठवड्याच्या वृत्तपत्रांतून पाण्याशी संबंधित वाक्प्रचार जमवून, लेखकाने मूळ अर्थ सांभाळला आहे की नाही, याविषयी प्रत्येकी एका वाक्यात अभिप्राय लिहावा. वही संपर्कसत्रास येताना सोबत आणावी.